सर्जेराव इंगवले, टाइल मेसन

सर्जेराव इंगवले हा दुबईत अकरा वर्षं टाइल मेसन होता. या अकरा वर्षांत त्याने एकूण सव्वीस टाइल बसवल्या आणि त्यातल्या नऊ दुसऱ्या दिवशी उखडाव्या लागल्या. हे मी छातीठोकपणे सांगू शकते, कारण त्याला टाइल मेसन केला तो मीच.

मी तेव्हा एका बांधकाम कंपनीच्या पर्सोनेल खात्यात होते. लग्न करून डोंबिवलीहून शारजात आले, टायपिंग येत होतं, तेवढ्यावर नोकरी लागली. कंपनीत आठशे माणसं. त्यातल्या निम्म्यांचा व्हिसा एका कामाचा आणि हात दुसऱ्याच कामात. कामगार मंत्रालयाकडून ज्या कामाच्या जितक्या जागा मंजूर होऊन येत, त्यांत मिळेल तो माणूस बसवायचा, अशी तिथली रीत होती. आमच्या ऑफिसात चहा देणारा इब्राहिम कागदावर क्रेन ऑपरेटर होता. त्याला भरलेली किटली उचलतानाही धाप लागायची. ड्राफ्ट्समन कागदावर सुतार होता आणि सुतार कागदावर माळी. यात कोणाला काही वावगं वाटत नसे. मला तर त्याचा अभिमानच वाटे, की एवढी मोठी माणसं मी एवढ्या लहान रकान्यांत बसवते.

सर्जेराव आला तो ब्याण्णवच्या सुमारास. शुक्रवारी कंपन्या-कंपन्यांचे फुटबॉलचे सामने होत आणि त्यात आमचा संघ मालकांच्या मेव्हण्याच्या कंपनीकडून सात-शून्य असा हरला. मालकांना आम्ही सगळे अरबाब म्हणत असू. टेंडर हातचं गेलं तर अरबाब 'मालिश', म्हणजे 'जाऊ दे', म्हणून कॉफी मागवत. पण मेव्हणा जिंकला तेव्हा त्यांनी दोन दिवस कोणाशी बोलणं टाकलं. तिसऱ्या दिवशी हुकूम सुटला: इंडियातून खराखुरा प्लेयर आणा, यल्ला.

गोव्यातल्या एका एजंटाने खराखुरा प्लेयर शोधला. कोल्हापूरच्या एका तालमीच्या संघात वाढलेला, मग मुंबईत एका कंपनीच्या संघात चार वर्षं, मग गोव्यातल्या एका क्लबात दोन मोसम पगारावर. तिथे एक गुडघा गेला आणि त्या गुडघ्याबरोबर पगारही. अशा स्थितीत तो माझ्या टेबलासमोर येऊन उभा राहिला. उंच, मिशा, कपाळाला गंध, आणि हातात बॅगेऐवजी बुटांची कापडी पिशवी.

शेजारी कुट्टी उभा होता. कुट्टी म्हणजे आमचा पीआरओ, सरकारी कचेऱ्यांत कंपनीचे कागद फिरवणारा मलबारी. तो हळूच म्हणाला, "मॅडम, फुटबॉलर का कोटा नहीं है. टाइल मेसन दो बाकी है, असिस्टंट कुक एक बाकी है. क्या करेगा?"

स्वयंपाकी केला तर खाणाऱ्यांची तक्रार येईल, टाइलची तक्रार यायला वेळ लागेल, असा विचार करून मी 'टाइल मेसन' टाइप केलं.

"म्याडम, हितं काय लिवलंय?"

"टाइल मेसन. फरशी बसवणारा."

"मी फुटबॉलर हाय. प्रोफेशनल. पगार घेऊन खेळल्यालो हाय."

"सर्जेराव, ते यादीत नाही."

"मग यादी पुन्हा करा की."

मंत्रालयाची यादी म्हणजे जणू तालमीच्या फळ्यावर खडूने लिहिलेली संघाची नावं! मी हसले. तो हसला नाही. त्याने सही केली, पण पेन परत देताना म्हणाला, "आत्ता ऱ्हाऊ दे. पण हे दुरुस्त करायचं बरं का."

त्याच्या सव्वीस टाइलची हकिकत अशी. दुबईतल्या जुमेरा भागात आमच्या एका व्हिलाचं काम चालू होतं आणि तिथे अचानक लेबर इन्स्पेक्टर आला. यादी काढून म्हणाला, टाइल मेसन कोण आहे, दाखवा. सर्जेराव त्या वेळी वाळूच्या ढिगावर चढ-उतार करून गुडघ्याचा व्यायाम करत होता. फोरमनने त्याला ओढत बाथरूममध्ये नेला, हातात थापी दिली आणि समोर इन्स्पेक्टर उभा केला. सर्जेरावने शांतपणे दोरी ताणली, मैदानाच्या कडेची टचलाइन आखावी तशी, आणि एकापुढे एक सव्वीस टाइल मांडल्या. ओळ इतकी सरळ, की इन्स्पेक्टर 'जैन, जैन', म्हणजे छान छान, म्हणत खुशीत निघून गेला. दुसऱ्या दिवशी नळ सोडला तर पाणी जाळीकडे न जाता दारातून बेडरूममध्ये. फोरमन पंजाबी होता. त्याने पंजाबीत काय काय सुनावलं ते मला कळलं नाही, पण सर्जेरावचं उत्तर सगळ्या ऑफिसात पसरलं.

"ग्राउंड सपाट पायजे. उतार ठेवला तर एका टीमवर अन्याय हुतो."

त्याचं खरं काम शुक्रवारी असे. अल कूझला लेबर कॅम्पच्या मागे मोकळी वाळू होती. तिथे त्याने मचाणाच्या पाइपांचे गोलपोस्ट उभे केले, पांढऱ्या सिमेंटने रेषा आखल्या. गुरुवारी दुपारी तो साइटवरचा पाण्याचा टँकर पळवून आणून सगळं मैदान भिजवायचा, म्हणजे शुक्रवारी वाळू पायाखाली बसेल. पुढे कॅम्प दुबई इन्व्हेस्टमेंट्स पार्कमध्ये हलला, तेव्हा गोल आणि सिमेंटची गोणीही त्याच्याबरोबर हलली. बूट मात्र कॅम्पवर ठेवायचा नाही. उन्हाने त्यांचा डिंक सुटतो म्हणून ते माझ्या एसी ऑफिसातल्या स्टेशनरीच्या कपाटात असायचे. आठशे माणसांच्या अर्जांना अकरा वर्षं त्याच्या बुटांचा वास होता.

संघात मलबारी, बंगाली, दोन सुदानी वॉचमन आणि एक फिलिपिनो इलेक्ट्रिशियन. या सगळ्यांशी तो शुद्ध कोल्हापुरीत बोलायचा आणि सगळ्यांना समजायचं. स्वतः सेंटर हाफला उभा राहून तो ओरडायचा, "मागं बघ, मर्दा!" ही आरोळी सुदानी वॉचमनला इतकी आवडली, की साइटवर ट्रक रिव्हर्स घेताना तो तीच द्यायला लागला. हळूहळू सगळेच द्यायला लागले. कंपनीने इंग्रजी, अरबी, हिंदी आणि उर्दूत सुरक्षेचे फलक लावले होते, ते कोणी वाचत नसे. माणसं वाचली असतील तर ती 'मागं बघ, मर्दा'ने.

तो आला त्याच वर्षी मेव्हण्याची कंपनी एक-शून्यने हरली. अरबाबनी सर्जेरावच्या दोन्ही गालांचे मुके घेतले आणि त्याला 'हबीबी' म्हणाले. सर्जेरावने मला येऊन विचारलं, "हबीबी यादीत हाय का?"

तो माणसांना मैदानावरच्या जागांवरून ओळखायचा. कुट्टी लेफ्ट आउट, कारण कायम कडेकडेने पळतो आणि मध्ये कधी येत नाही. अरबाब गोलकीपर. का, तर सगळ्यांचे पासपोर्ट त्यांच्या तिजोरीत. "हातात आल्याली वस्तू सोडत न्हाईत." मी एकदा माझी जागा विचारली. तो म्हणाला, "तुम्ही लाइन्समन. झेंडा हलवताय, पण शिट्टी तुमच्याकडं न्हाई." मला राग आला होता. राग येण्यासारखंच होतं, कारण ते खरं होतं.

आता मुख्य गोष्ट. सर्जेरावच्या बायकोने, सुमनने, त्याला खेळताना कधी पाहिलं नव्हतं. लग्न झालं तेव्हा त्यांच्या पेठेतल्या बायका मैदानावर जात नसत. मग तो मुंबईला गेला, ती कोल्हापुरात सासूजवळ. मग गोवा, मग दुबई. रजेवर घरी जायचा तो नेहमी जुलैत, कारण इथे तेव्हा वाळूवर पाय ठरत नाही; आणि जुलैत कोल्हापुरातली मैदानं चिखलाने बंद. म्हणजे नवरा आहे तेव्हा सामना नाही आणि सामना आहे तेव्हा नवरा नाही. त्याची मागणी अगदी साधी होती. सुमनने आणि मुलीने, राणीने, एकदा इथे यावं. टचलाइनपाशी बसावं. "एक म्याच, म्याडम. नव्वद मिंटं. मग पाठवतो माघारी."

पण टाइल मेसनला कुटुंब आणता येत नाही, भेटीपुरतंही नाही. इंजिनियरला येतं, अकाउंटंटला येतं, सुपरवायझरला येतं. टाइल बसवणाऱ्याने बायकोचा फोटो उशाखाली ठेवावा, असा नियम. मग दर जानेवारीत तो माझ्यासमोर येऊन बसायचा, मी त्याचा पेशा बदलण्याचा अर्ज टाइप करायचे, कुट्टी तो घेऊन जायचा आणि तीन आठवड्यांनी परत आणायचा. डिग्री पाहिजे, अटेस्टेड. डिग्री नव्हती. सर्जेरावकडे बक्षिसांची प्रमाणपत्रं होती. 'उत्कृष्ट बचावपटू' असं लिहिलेलं एक त्याने गावाहून मागवलं, कुट्टीने त्याचं अरबीत भाषांतर करून घेतलं, शिक्के मारून घेतले. तेही परत आलं.

"अवं, ह्याच्यावर कलेक्टरची सही हाय!"

"सर्जेराव, ही पदवी नाही."

"पदवी मिळवताना पाय मोडतोय का कुणाचा? मग?"

अरबाबना सांगितलं की ते म्हणायचे, इन्शाल्ला. ते मनापासून म्हणत. त्यांनी एकदा स्वतः फोन उचलला असता, तर काम पाच मिनिटांत झालं असतं हे मला ठाऊक होतं. मी त्यांना हे कधी बोलले नाही. मीही नोकरीच करत होते, आणि माझं कुटुंब माझ्याजवळ होतं. जवळ असलं की माणूस दुसऱ्याच्या अर्जाकडे निवांतपणे बघतो.

माझा नवरा अविनाश इंजिनियर, आणि त्याहून महत्त्वाचं म्हणजे आमच्या मराठी मंडळाचा सेक्रेटरी. गणपतीच्या वेळी हॉलमध्ये खुर्च्या मांडायला माणसं कमी पडत, म्हणून मी एका वर्षी सर्जेरावला बोलावलं. त्याने खुर्च्या मांडल्या, आरतीला टाळ वाजवले आणि प्रसादाच्या रांगेत उभा राहिला. मंडळाच्या अध्यक्षांनी चौकशी केली.

"कुठे असता?"

"कॅम्पवर."

"नाही, म्हणजे करता काय?"

"फुटबॉल खेळतो."

"ते झालं हो. पण अ‍ॅक्चुअली करता काय?"

"अ‍ॅक्चुअली फुटबॉल खेळतो. कागदावर टाइल बसवतो."

अध्यक्ष खूप हसले आणि त्यांनी त्याच्या खांद्यावर थाप मारली. मंडळात 'प्रोफेशनल्स'चीच वर्गणी घेत, असा एक अलिखित दंडक होता. माझ्या मुलाने तेवढं विचारलं, "अंकल, यू मीन फॉर अ रिअल क्लब?" सर्जेरावला इंग्रजी येत नव्हतं, पण एवढं कळलं. त्याने मुलाला मोदकाचा आपला वाटा दिला.

अविनाशला त्याच्याबद्दल जरा दया वाटली असावी. त्याने त्याला शारजाच्या स्टेडियमवर क्रिकेटचा सामना दाखवायला नेला. भारत खेळत होता, सगळं शारजा रस्त्यावर होतं, आणि सर्जेराव दुसऱ्या षटकाला झोपला. ड्रिंक्सची गाडी आली तेव्हा जागा होऊन म्हणाला, "झाला का हाफ टाइम?" अविनाशने सगळं समजावून सांगितलं. त्याने ऐकून घेतलं आणि विचारलं, "म्हंजे एक माणूस पळतोय आणि धाजण त्याच्याकडं बघत उभं ऱ्हात्यात? मग तर आमच्या साइटवर रोजच क्रिकेट हाय." अविनाश घरी आल्यावर म्हणाला, "माणूस चांगला आहे गं, पण टेस्ट नाही."

दोन हजारच्या आसपास अरबाबना फुटबॉलचा कंटाळा आला आणि ससाण्यांचा नाद लागला. संघ मोडला. एका ससाण्यासाठी स्वतंत्र एसी खोली झाली. त्या ससाण्याचा पासपोर्टही होता आणि तो तिजोरीत नसून त्याच्या रखवालदाराकडे असायचा. सर्जेराव स्टोअरकीपर झाला. अर्थात कागदावर टाइल मेसनच. चाळिशी उलटली होती, गुडघा जिन्यावर कुरकुरायचा. तरी शुक्रवारी तो कॅम्पचे स्वयंपाकी आणि ड्रायव्हर गोळा करून खेळायचाच. "टीम मोडली म्हणून खेळ मोडतोय व्हय?"

आणि मग इराकात युद्ध झालं. टीव्हीवर ते लवकर संपलं आणि मग आमच्यासारख्या कंपन्यांसाठी सुरू झालं. परदेशी फौजेच्या छावण्यांना तयार केबिन, स्वयंपाकघरं आणि पिण्याचं पाणी पुरवायचं कंत्राट आम्हाला मिळालं. ऑफिसात पेढे वाटले. तिकडे जायला तयार असणाऱ्यांची नावं मागवली. सहा महिने राहायचं, पद सुपरवायझरचं, आणि व्हिसावरही तसं करून मिळेल.

सर्जेराव अर्ध्या तासात माझ्यापुढे हजर.

"सुपरवायझरला फॅमिली येती न्हवं?"

"येते."

"मग लिवा."

"सर्जेराव, तिथे लढाई चालू आहे."

"मी कुठं लढाय चाललोय, म्याडम? पाणी पोचवाय चाललोय."

अकरा वर्षांत त्याने मला घातलेलं सगळ्यात सोपं काम होतं ते. मी टाइप केलं. आणखी दोन वाक्यं बोलायला हवी होती, असं मला आजही वाटतं. कुठली, ते मला आजही सुचत नाही.

तिथून तो दर आठवड्याला ऑफिसात फोन करायचा. सामानाची यादी सांगून झाली, की छावणीच्या बातम्या. तिथले सैनिक फुटबॉल खेळतात म्हणून हा मोठ्या आशेने बघायला गेला, तर त्यांचा चेंडू अंड्यासारखा. "हातात धरून पळत्यात, म्याडम! आणि त्याला फुटबॉल म्हणत्यात. पायाचा खेळ ज्यांना हातानं खेळायला लागतोय, ती लढाई काय जिंकत्यात?" फोन ठेवताना नेहमी एकच प्रश्न. "कागद कुठवर आला?" मी सांगायचे, प्रोसेसमध्ये आहे. तो खरंच प्रोसेसमध्ये होता.

पाचव्या महिन्यात तो गेला. पाण्याच्या बाटल्यांचे चार ट्रक छावणीकडे चालले होते. पुढच्या ट्रकखाली स्फोट झाला. सर्जेराव दुसऱ्यात होता. तो उतरला, पुढे गेला आणि शफीक नावाच्या बंगाली ड्रायव्हरला त्याने दार तोडून बाहेर ओढला. तेवढ्यात दुसरा स्फोट झाला. शफीक वाचला. त्यानेच नंतर ऑफिसात येऊन हे सांगितलं. कुट्टी त्याच्या पाठीवरून हात फिरवत होता, आणि मी, सवयीने, त्याचं बोलणं टाइप करून घेत होते.

मग प्रश्न उभा राहिला, की मेला तो कोण. फौजेच्या पत्रात तो 'कंत्राटदाराचा कामगार' होता, म्हणजे सैनिक नव्हे. कंपनीच्या पत्रात, व्हिसाबदल अजून पूर्ण न झाल्यामुळे, तो 'टाइल मेसन' होता. त्यावर विमावाल्यांचं रास्त पत्र आलं, की टाइल मेसन पाण्याच्या ट्रकमध्ये काय करत होता? तीन कचेऱ्यांमधून पत्रं फिरत होती आणि सर्जेराव कुवेतच्या शवागारात सगळ्यांची वाट बघत होता. त्याला घरी पाठवायच्या कागदांवर मृताच्या व्यवसायाचा एक रकाना होता. मी तो कागद मशीनवर चढवला आणि इंग्रजीत टाइप केलं: व्यावसायिक फुटबॉलपटू.

कुट्टीने कागद हातात घेतला. अकरा वर्षं माझ्या प्रत्येक अर्जातला स्वल्पविराम तपासणारा माणूस. तो म्हणाला, "करेक्ट है, मॅडम," आणि घेऊन गेला. दुपारी शिक्का मारून परत आणला. कोणी काही विचारलं नव्हतं.

मंडळाला मात्र आता जाग आली. कोल्हापूरच्या वर्तमानपत्रात त्याचा फोटो छापून आला होता आणि अध्यक्षांना भारतातून तीन फोन आले होते. शोकसभा झाली. ज्यांनी त्याच्या हातच्या खुर्च्यांवर बसून आरत्या म्हटल्या होत्या ते सगळे 'आपला सर्जेराव' म्हणायला लागले. त्याला शहीद म्हणावं की हुतात्मा यावर वाद झाला. लढाई नक्की कोणाची होती, यावर मात्र कोणी बोललं नाही. अखेर त्याच्या नावाने स्पर्धा घ्यायचं ठरलं. सर्जेराव इंगवले स्मृती चषक. सहा-सहा षटकांचे सामने.

"अविनाश, तो फुटबॉल खेळायचा."

"अगं, स्पिरिट महत्त्वाचं. फुटबॉलला बावीस फिट माणसं लागतात. आपल्या मंडळात बावीस चांगले गुडघे निघायचे नाहीत."

बॅनरसाठी मी दिलेल्या फोटोत सर्जेरावच्या काखेत फुटबॉल होता. बॅनरवाल्याने तो कापून मागे स्टंप लावले. बक्षीस समारंभाला सुमन आणि राणीला बोलावायचं ठरलं. अध्यक्षांची एका हॉटेलात ओळख होती, आणि हॉटेलांना पाहुण्यांचे व्हिसा काढता येत. दोघींचे व्हिजिट व्हिसा चार दिवसांत हातात आले. कुट्टीने ते माझ्या टेबलावर ठेवले. आम्ही दोघं एकमेकांकडे बघू शकलो नाही. मी बाथरूममध्ये जाऊन रडले.

शेवटी सुमन दुबईला आली. जानेवारीतला शुक्रवार, सुरेख हवा. तिला पहिल्या रांगेत सोफ्यावर बसवलं होतं, खांद्यावरून पदर, मांडीवर न मावणारा पुष्पगुच्छ. शेजारी राणी, उंचीने बापावर गेलेली. लाउडस्पीकरवर अविनाश सांगत होता की कैलासवासी सर्जेराव हे ऑलराउंडर होते. दोन षटकं झाली. सुमनने माझ्याकडे तोंड वळवलं.

"तुम्ही त्यास्नी खेळताना बघितलंय न्हवं?"

अकरा वर्षं तो मला बोलावत होता आणि अकरा वर्षं मी 'बघू' म्हणत होते. पण एकदा मी गेले होते. तो इराकला जायच्या आदल्या दिवशी, शुक्रवारी सकाळी. कागदावर त्याच्या सह्या राहिल्या होत्या आणि शनिवारी पहाटे त्याचं विमान होतं. मी सुमनला सांगायला लागले. अविनाश गाडी चालू ठेवून बसला होता. मी टचलाइनपाशी उभी राहून फाइल हलवत होते. मैदानात सगळे कॅम्पचे स्वयंपाकी आणि ड्रायव्हर. सर्जेरावने हात वर करून थांबायची खूण केली. चेंडू बाहेर गेला तेव्हा तो लंगडत आला. घामाने निथळत होता. "हितं? आणि हितं?" असं विचारत त्याने चार पानांवर सह्या केल्या. म्हणाला, "कॉर्नर हाय, म्याडम. थांबल्यात माझ्यासाठी." कोपऱ्यात एक स्वयंपाकी चेंडूवर पाय ठेवून खरंच थांबला होता. सर्जेराव परत मैदानात गेला.

"मग?"

"मग एकदम आरडाओरडा झाला. मी मान वर केली तेव्हा सगळे त्याच्या अंगावर पडले होते. मला त्याची नुसती पाठ दिसली, सगळ्यांच्या खालून."

"गोल त्यांनीच मारला?"

"तसंच असणार."

"कसा मारला?"

खोटं सांगता आलं असतं. तिला कळलं नसतं, असं मला वाटत होतं.

"मी बघितलं नाही हो. मी सह्या बघत होते. चारी पानांवर झाल्यात का."

सुमन रागावली नव्हती. समोर कोणीतरी चौकार मारला, टाळ्या झाल्या. टाळ्या थांबल्यावर तिने विचारलं, "आवाज कसा आला हुता? चढत चढत आला, का एकदम फुटला?"

मी आठवून बघितलं. तेवढं मला ऐकू आलं होतं. "आधी अगदी शांत झालं. वारा ऐकू येईल इतकं. आणि मग एकदम फुटला."

"मग डोक्यानं मारला," सुमन ठामपणे म्हणाली. "आमच्या गच्चीवर मैदानाचा आवाज यायचा. पायानं मारला की लोक आधीपास्नं ओरडत्यात. डोक्यानं मारायचा आसला की माणूस वर उडतोय, आणि तेवढा येळ सगळी गप बसत्यात."

राणी तिच्याकडे बघत होती. मीही. सुमनने पुष्पगुच्छ बाजूला ठेवला आणि सोफ्यावर पुढे सरकून बसली. समोर बोलर धावत येत होता, बॅट्समन वाकून उभा होता, सगळा प्रेक्षकवर्ग खाली खेळपट्टीकडे बघत होता. सुमनची नजर तिथे नव्हती. ती त्याच्या बरीच वर, माणूस उडी मारून पोचेल तितक्या उंचीवर, बघत होती.